टेकडीपलीकडचा ग्रह

एका जंगलात, मुलांनो, सिनेमा शिरला होता. तिथे तिमाजी नावाचा एक मसण्याऊद कॅमेरामन होता. मसण्याऊद म्हणजे मसणात हिंडतो म्हणून उगाच बदनाम झालेला प्राणी. त्यामुळे भुतांचे सिनेमे आपोआप त्याच्याच वाट्याला आले.

मेंढीला पीठ फासून हडळ केली, तर कोणीही हसेल. पण तिमाजी दिवा खालून लावायचा आणि हडळीच्या आधी तिची सावली भिंतीवर चढवायचा. रानडुकरंसुद्धा डोळे मिटून बसायची. पुढे विज्ञानपटांची लाट आली. तेव्हा त्याने टोपलीत काजवे कोंडून यान उडवलं, वारुळांवर तांबडा उजेड टाकून मंगळ उभा केला. हारतुरे मात्र दिग्दर्शक कोल्होबांना. पडद्यावर तिमाजीचं नाव येईपर्यंत प्रेक्षक घरी पोचलेले असायचे.

भुतं टिपून टिपून तो विटला. एकदा तरी खरं काही दाखवावं, असं त्याला वाटू लागलं. कोल्होबा म्हणाले, खरं बघायला घर सोडून येतं कोण?

मग तिमाजी एकटाच कॅमेरा घेऊन टेकडीपलीकडे गेला. तिकडे जायला वनराजांची बंदी होती, कारण तिथलं सारं रान त्यांनी गुपचूप लाकूडवाल्यांना विकलं होतं. नुसते खुंट उरले होते. आडव्या पडलेल्या एका खोडाच्या ढोलीत धनेशाची मादी अजून अंडी उबवत बसली होती. तिमाजीने कॅमेरा रोखला. त्याने दिवा लावला नाही की सावली पाडली नाही. दिसलं तसं टिपलं.

सिनेमा लागला. वनराज पुढच्या रांगेत होते. पहिलंच दृश्य पाहून त्यांना घाम फुटला.

एका नीलगाईने विचारलं, "हा कुठला ग्रह हो?"

तिमाजी उभा राहिला. "ताई, हे आपलंच जंगल आहे. टेकडीपलीकडचं."

सगळे खो-खो हसले. ससे म्हणाले, सेट लावावा तर तिमाजीनेच. टाळ्यांचा कडकडाट झाला.

वनराजांचा जीव भांड्यात पडला. त्यांनी त्याला मंचावर नेऊन उत्कृष्ट विज्ञानपटाचं पदक तिमाजीच्या गळ्यात घातलं. त्याचं नाव आयुष्यात प्रथमच मोठ्याने पुकारलं गेलं. हे खरं आहे, असं तो पुन्हा सांगणार होता. पण टाळ्या थांबेनात, आणि त्या थांबाव्यात असं त्यालाही वाटेना.

वनराज त्याच्या कानाशी लागले. "तिमाजीराव, आता दुसरा भाग काढा. टेकडीअलीकडची झाडं आम्ही पाडून देतो."

तिमाजी पदकावरून पंजा फिरवत राहिला. मग म्हणाला, "सकाळी पाडा, महाराज. तेव्हा उजेड तिरपा असतो. फार सुंदर दिसेल."

तात्पर्य : मुलांनो, खरं ते नेहमी दाखवावं. छायाचित्रण उत्तम असलं, की त्यावर कोणी विश्वास ठेवत नाही.