अडवल्यानंतर, मार लागण्याआधी

माणूस मार खातो तो दुबळा असतो म्हणून नाही, त्याची बोलायची वेळ चुकते म्हणून खातो. हे सत्य जगाला कधी उमगलं याची नोंद सापडत नाही. सोलापूरला मात्र ते तीन वर्षांपूर्वी एका रविवारी दुपारी, जुळे सोलापुरातल्या बंद पडलेल्या एका कोचिंग क्लासच्या पहिल्या मजल्यावर उमगलं आणि त्याचं सगळं श्रेय अण्णारावांना जातं.

अण्णाराव एका सरकारी कार्यालयातून हेडक्लार्क म्हणून निवृत्त झाले होते. निवृत्त माणसाला आपल्याकडे तीन वाटा मोकळ्या असतात : सकाळचं फिरणं, मठाची कमिटी आणि सुनेला सल्ला. अण्णारावांनी तिन्ही चालून पाहिल्या. (पहिलीत गुडघे आडवे आले, दुसरीत गट, तिसरीत सून.) मग त्यांना चौथी वाट सापडली. तिचं नाव रणपत्ते.

रणपत्ते म्हणजे पाकिटात मिळणारी चित्रांची पानं. ती विकत घ्यायची, एकमेकांत बदलायची, त्यांची गड्डी लावायची आणि समोरच्याशी लढायचं. एकाने हल्ला करायचा, दुसऱ्याने आपलं एखादं पान पुढे करून तो अडवायचा, आणि मग ज्याला लागायचा त्याला मार लागायचा. पण अडवल्यानंतर आणि मार लागण्याआधी एक बारीकशी फट असते. त्या फटीत हातातलं ‘झटपट पान’ टाकता येतं आणि हरलेला डाव उलटवता येतो. या खेळातली सगळी अक्कल त्या फटीत राहते. सगळी भांडणंही तिथेच राहायला होती.

कारण फट नेमकी केव्हा उघडते आणि केव्हा मिटते हे कुणालाच ठाऊक नव्हतं. मार लागून पान उचललं गेलं की समोरचा हमखास ओरडायचा, “आरं, मी टाकणारच हुतो की!” पहिल्या वर्षी त्या क्लासच्या जागेत भरणाऱ्या रणपत्ते मंडळात ५८ सामने झाले. त्यांत ‘टाकणारच हुतो’ असे दावे ९१ आले, दोन खुर्च्या मोडल्या आणि एक चष्मा. (आकडे अण्णारावांच्या वहीतले आहेत. चष्माही त्यांचाच.)

पोरांना सहा महिने न कळलेला खेळ अण्णारावांना अर्ध्या तासात कळला. एकावर एक झटपट पानं पडली तर सगळ्यांत शेवटी पडलेलं पान आधी लागू होतं आणि सगळ्यांत आधी पडलेलं शेवटी, हे ऐकून बाकीचे डोकं धरून बसायचे. अण्णाराव मात्र गहिवरले. चौतीस वर्षं त्यांच्या टेबलावर हेच चाललं होतं. शेवटी आलेला कागद वर असायचा म्हणून त्याच्यावर आधी सही व्हायची, आणि तळाचा अर्जदार आपली पाळी येईपर्यंत कधी म्हातारा व्हायचा, कधी त्याहून पुढे जायचा. हा न्याय कुठल्यातरी परदेशातल्या माणसाने स्वतंत्रपणे शोधून काढला होता, याचं त्यांना फार कौतुक वाटलं.

मंडळाने त्यांना पंच केलं आणि त्यांनी एक्केचाळीस पानांची नियमावली लिहिली. तिच्यातली काही कलमं सुवर्णाक्षरांत कोरून ठेवावीत अशी आहेत. कलम ११ : अडवून झाल्यावर बोलण्याचा पहिला हक्क हल्लेखोराचा. तो ‘पुढे’ म्हणेपर्यंत मार खाणाऱ्याने पान टाकू नये. कलम १२ : हल्लेखोराला विचारासाठी पंधरा मिनिटं. (अण्णारावांच्या कार्यालयात हाच अवधी पंधरा दिवस होता, तेव्हा ही मोठीच सुधारणा म्हणायची.) कलम १४ : पंचाने प्रत्येकाला तीनदा विचारावं, ‘काही टाकायचंय?’ उत्तर न आल्यास किंवा खेळाडू टेबल सोडून गेल्यास तो ‘पुढे’ म्हणाला असं धरलं जाईल. हे चौदावं कलम विरेशमुळे आलं. तो ऐन लढाईत मावा खायला म्हणून खाली उतरायचा आणि टपरीवरच्या चार जणांचा सल्ला घेऊन वर यायचा.

कुणावर अन्याय होऊ नये म्हणून कलम २२मध्ये टेबल सोडण्याची रीतसर कारणंही दिली होती. अंत्ययात्रा, वीज जाणं, साहेबाचा फोन आणि चहा. ही यादी मंडळाच्या अकरा सदस्यांच्या कमिटीने स्वतःच्या अनुभवावरून केली होती. पाण्याचा विषय तिच्यात नव्हता आणि त्यामागे भक्कम पुरावा होता. तीन वर्षांत एकूण १४६ सामने झाले, त्यांतले ३८ नळाला पाणी येण्याच्या दिवशी आणि पाण्याच्याच वेळी. पाणी भरण्यासाठी उठलेल्या खेळाडूंची संख्या शून्य. ज्या शहरात पाणी चार-पाच दिवसांनी येतं तिथला हा आकडा आहे. पाण्याचा आणि खेळाचा काहीएक संबंध नाही, हे यावरून सिद्धच झालं होतं.

मग यंदा हेमावती खेळायला आली.

हेमावतीचं दुकान खाली रस्त्यालाच होतं. वह्या, पेनं, झेरॉक्स आणि काउंटरवर रणपत्त्यांची पाकिटं. अण्णारावांच्या नियमावलीच्या साठ प्रती तिच्याच मशिनवर निघाल्या होत्या आणि मशिन चालू असताना उभ्या उभ्या तिने ती सगळी वाचून काढली होती. नियमावली पूर्ण वाचलेली ती शहरातली एकमेव व्यक्ती. (कमिटीचे अकरा सदस्य धरून.) गड्डी तिने उरल्यासुरल्या पानांतून लावली, पण फट केव्हा उघडते ते तिला पाठ होतं, आणि त्या जोरावर ती सात जणांना हरवून अंतिम सामन्यात पोचली. जिंकणारा पुण्याला राज्य स्पर्धेला जाणार होता. हेमावती चौतीस वर्षांची होती आणि अक्कलकोटचं माहेर सोडलं तर कुठल्याच गावाला एकटी गेली नव्हती. पुण्याच्या गाडीची वेळ तिने दुकानातल्या कॅलेंडरवर पेन्सिलने लिहून ठेवली होती. अण्णारावांनी ती पाहिली होती. पंचाला बाजू नसते हे त्यांना मान्य होतं, तरीही तीच जिंकावी असं त्यांना मनापासून वाटत होतं.

सामना रविवारी दुपारी तीनला सुरू झाला. समोर नंदीश होता, सिमेंटच्या दुकानात बसणारा, गड्डीवर बक्कळ खर्च केलेला. सव्वाचारला त्याने आपलं सगळ्यांत मोठं पान, गजदळ, हल्ल्याला काढलं. हेमावतीने वेशीचा पहारेकरी पुढे करून अडवलं. पहारेकरी हत्तीपुढे टिकणार नव्हता हे उघड होतं. तिच्या हातात एकच पान उरलं होतं आणि ते तिने छातीशी धरलं होतं. अण्णारावांनी चष्मा पुसला. फट उघडली होती.

“नंदीश, काही टाकायचंय?” त्यांनी विचारलं.

तेवढ्यात खालून हाक आली. हेमावतीची शेजारीण रेश्मा रस्त्यात उभी होती.

“हेमाक्का! पाणी आलंय वो! प्रेशर लई कमी हाय, लवकर चला!”

पाणी खरं तर सोमवारी यायचं होतं. ते एक दिवस आधी आलं. हेमावतीचं घर दुसऱ्या मजल्यावर, आणि पाणी तिथवर चढत नाही. खालच्या नळावरून कळशीने वर न्यावं लागतं. नवरा सिद्धलिंग ट्रक घेऊन तुमकूरकडे गेलेला. सासूचे गुडघे गेलेले. मागचं पाणी काल संपलेलं.

“काही टाकायचंय?” अण्णारावांनी दुसऱ्यांदा विचारलं.

नंदीशने खिडकीकडे पाहिलं, हेमावतीकडे पाहिलं आणि चहाचा कप उचलला. “इचार करतोय की, अण्णा,” तो म्हणाला. “पंधरा मिनिटं हायत न्हवं?”

होती. कलम १२.

“अण्णा,” हेमावती म्हणाली, “मी माझं पान हितं उपडं ठेवून जाते. माझी पाळी आली की तुमी उलटवा.”

“पान स्वतःच्या हाताने टाकलं पाहिजे. कलम ९.”

“मग बावीसमधी बसवा. दहा मिनिटांत चार कळशा भरून येते.”

अण्णारावांना एकाच वेळी दोन गोष्टी वाटल्या. आपलं पुस्तक कुणीतरी कलमासकट वाचलंय याने त्यांचा ऊर भरून आला, आणि तेच पुस्तक तिच्या आड येतंय याची लाज वाटली. त्यांनी बाविसावं कलम काढून बोट खालपर्यंत नेलं. “यात पाणी नाही गं. चहा आहे.”

“चहा पाण्याचाच असतो की, अण्णा.”

हा मुद्दा नवीन होता. तो कमिटीपुढे ठेवणं भाग होतं. कमिटी कोपऱ्यात जमली, चहा आलेलाच होता, आणि चर्चा अत्यंत खेळीमेळीच्या वातावरणात झाली. एकाने विचारलं, आज पाणी म्हणून उठू दिलं तर उद्या कुणी दळण म्हणून उठलं तर काय करायचं? दुसऱ्याने सुचवलं, पाण्याचा दाखला आणावा. निर्णायक मुद्दा विरेशने मांडला.

“पानी काय एकट्या त्यांच्याच नळाला आलंय व्हय? आमच्याकडंबी आलं असणार की. आमी उठलो का?”

कमिटीने एकमेकांकडे पाहिलं. खरंच, अकराच्या अकरा जणांच्या नळाला त्या क्षणी पाणी होतं आणि अकराच्या अकरा जण इथे होते. नियम सर्वांना सारखा लागू होता. याहून निर्दोष समता त्यांनी आयुष्यात पाहिली नव्हती. अर्ज फेटाळला गेला. चर्चेला नऊ मिनिटं लागली होती, ती नंदीशच्या पंधरांत धरायची नाहीत असंही उदारपणे ठरलं.

अण्णारावांच्या पहिल्या मसुद्यात ‘पंचाने विवेक वापरावा’ असं एक वाक्य होतं. विवेक वापरला की चौकशी लागते, हा नोकरीतला अनुभव असल्याने त्यांनी स्वतःच ते खोडलं होतं. आता त्या जागी पान क्रमांक होता.

“हेमाक्का!” खालून रेश्मा पुन्हा ओरडली. “धार बारीक झाली वो! मी दोन बादल्या लावल्यात तुमच्या, पर माझंबी भरायचं हाय!”

हेमावती उठली. हातातलं पान तिने टेबलावर सुलटं ठेवलं. खंदक. तो पडला की हल्ला करणारा हत्ती त्यात गडप, आणि त्यामागे उघडा पडलेला नंदीश एका फटक्यात बाद. नंदीशच्या हातातला कप तसाच थांबला.

“तू गेलीस तर तू ‘पुढे’ म्हणालीस असं धरावं लागेल,” अण्णाराव हळू आवाजात म्हणाले.

“धरा की,” ती चप्पल घालत म्हणाली. “आमचं तसंच धरत्यात सगळीकडं.”

ती जिना उतरली. नंदीशने लगेच ‘पुढे’ म्हटलं. त्याचा विचार एकाएकी पूर्ण झाला होता. मग नियमाप्रमाणे अण्णारावांनी रिकाम्या खुर्चीला विचारलं, “काही टाकायचंय?” तीनदा. खंदकाचं पान टेबलावर उताणं पडून होतं आणि आपल्या पाळीला, स्वतःच्या हाताने टाकलेलं नसल्यामुळे ते नव्हतंच. वहीत नोंद झाली : ‘पुढे.’ पहारेकऱ्याला मार लागला. टाळ्या वाजल्या. मंडळाच्या इतिहासात प्रथमच एक अंतिम सामना एकाही ‘टाकणारच हुतो’शिवाय पार पडला होता.

संध्याकाळी अण्णाराव घरी पोचले. जिना ओला होता. हंडा, दोन पिंपं, कळशा, पातेली, शेवटी चहाची भांडीसुद्धा काठोकाठ भरलेली होती, आणि त्यांची पत्नी दानम्मा पदराने हात पुसत, कंबर भिंतीला टेकून उभी होती. अण्णारावांनी तिला सगळी हकीकत कलमासकट सांगितली.

“मग तिच्या पाण्याचं काय झालं?” दानम्माने विचारलं.

“ते नियमावलीत नव्हतं.”

“बरं,” ती म्हणाली. “गरम पाणी काढून ठेवलंय. अंघोळ करून घ्या.”

अंघोळ छान झाली. पण त्या रात्री अण्णारावांना झोप लागली नाही. चूक झाली आहे हे त्यांना स्वच्छ दिसत होतं, आणि चूक झाली की काय करायचं हे त्यांना एकच ठाऊक होतं. महिन्याभरात नियमावलीची सुधारित दुसरी आवृत्ती तयार झाली. बाविसाव्या कलमात पाणी आलं. कमिटीने ते एकमताने मंजूर केलं, फक्त सामन्यांचा खोळंबा होऊ नये म्हणून थोडी दुरुस्ती करून : ‘सामन्याच्या वेळी पाणी आल्यास खेळाडूने न उठता घरी फोन करावा आणि आई, पत्नी, बहीण, सून अथवा मुलगी यांपैकी कुणासही पाणी भरण्यास सांगावं.’

नंदीश पुण्याला जाऊन पहिल्याच फेरीत हरून आला. त्याच आठवड्यात अण्णाराव दुसरी आवृत्ती घेऊन झेरॉक्सला गेले. हेमावतीने बाविसाव्या कलमाचं पान मशिनवर ठेवण्याआधी उभ्या उभ्या वाचलं.

“अण्णा, ह्या यादीत नवरा ऱ्हायला,” ती म्हणाली.

अण्णारावांनी यादी पुन्हा वाचली. मग चष्मा काढून वाचली. “ते... कमिटीपुढे ठेवावं लागेल,” ते म्हणाले.

“ठेवा की. किती प्रती काढू?”

“साठ,” अण्णाराव म्हणाले.

प्रस्ताव सध्या कमिटीच्या विचाराधीन आहे. त्याच्यावर नंतरचे चार कागद आले असल्याने तो तळाशी आहे. तोवर मंडळाची एक ताजी पाहणी वाचकांच्या माहितीसाठी देऊन थांबतो. एवढा मजकूर वाचायला साधारण दहा मिनिटं लागतात. कुठल्याही चालत्या घरात दहा मिनिटांत कुणाला ना कुणाला तीनदा तरी उठावं लागतं. आपण मध्ये एकदाही न उठता या ओळीपर्यंत पोचला असाल, तर अभिनंदन. आपलं पाणी दुसरं कुणीतरी भरतंय.