न दिसणाऱ्या गळतीबाबतचे धोरण

समाज किती सुसंस्कृत आहे, हे तो आपल्या वस्तूंची देखभाल कशी करतो त्यावरून ठरतं. या कसोटीवर नेरूळची ‘खाडीदर्शन’ सोसायटी (समोर टॉवर झाल्यापासून खाडी दिसत नाही) देशात बरीच वर लागावी. इथे लिफ्टच्या पुढच्या तपासणीची तारीख लिफ्टमध्येच काचेखाली लावलेली असते. टाकी धुतली की तिचा फोटो ग्रुपवर येतो (धुण्याआधीचाही, तुलनेसाठी). श्रेय सेक्रेटरी सुनयना जाधव यांचं. सोसायटीचे नव्वद टक्के निर्णय गळतीविषयी असतात, उरलेले पार्किंगविषयी, आणि दोन्हींत सुनयनाताईंचा शब्द शेवटचा.

या व्यवस्थेतून एकच वस्तू सुटली होती. नेमकं सांगायचं तर दोन. नऊ-दहा वर्षांपूर्वी सुनयनाताईंनी छातीत सिलिकॉनचे इम्प्लांट बसवून घेतले होते. शेजाऱ्यांच्या लेखी तो आठवडा महाबळेश्वरचा होता. (वाटायच्या स्ट्रॉबेरी वाशीच्या मार्केटातून आणल्या.) खरं काय ते फक्त घरच्यांना ठाऊक.

इम्प्लांटला आयुष्यभराची गॅरंटी होती. गॅरंटी असलेल्या वस्तूची देखभाल कशाला, हा विचार बिनतोडच. हल्ली डावी बाजू कडक होऊन जराशी वर सरकली, तेव्हा ताईंनी तातडीची उपाययोजना केली. रुंद ओढण्या घेतल्या.

अडचण आली ती भाचीची. उन्नती नुकतीच बीएस्सी झालेली. रविवारी करंजाड्याहून आली, मावशीला मिठी मारली आणि तशीच थांबली.

“मावशी, स्कॅन कधी केलेलास?”

“कसला स्कॅन? गॅरंटी आहे.”

“गॅरंटी म्हणजे फुटलं तर कंपनी नवं देणार. फुटणारच नाही असं कुठे लिहिलंय?”

“फुटलं असतं तर दुखलं असतं ना.”

“नाही दुखत बऱ्याचदा. आतलं जेल घट्ट असतं, जागच्या जागी बसून राहतं. डॉक्टरला हात लावूनही कळेलच असं नाही. म्हणून तर पाच-सहा वर्षांनी पहिला स्कॅन करायचा, मग दर दोन-तीन वर्षांनी. आणि कडक झालंय, ते भोवती शरीर जे आवरण करतं ते आवळल्यामुळे असेल. अगदी क्वचित त्या आवरणात कॅन्सरही होतो.”

“मला कशाला होतोय?”

“नसेलच बहुतेक. बघून तर घेऊ.”

“आणि काढायला लागलं म्हणजे? सोसायटीत काय सांगू, परत महाबळेश्वर? स्ट्रॉबेरीचा सीझनपण नाही आता.”

ताईंची खरी भीती ही होती. फुटण्याची नव्हे, कळण्याची.

तेवढ्यात बेल वाजली. दारात पाचव्या मजल्यावरचे हौसेराव, मूळचे साताऱ्याकडचे. त्यांच्या खालच्या फ्लॅटच्या छताला ओल आली होती आणि ताईंनी त्यांना नोटीस धाडली होती.

“ताई, माज्या बाथरूमला एक थेंब न्हाई. काय त्रास न्हाई. मग तपासायचं कशापायी?”

“काका, पाइप भिंतीच्या आत असतो,” ताई दारातूनच म्हणाल्या. “गळती दिसत नाही म्हणजे गळती नाही, असं नसतं. आणि आतला पाइप ज्याचा त्याने बघायचा. मशीन लावून आधी बघा, फोडायचं की नाही ते नंतर ठरवू.”

“अन् खराब निघाला तर?”

“तर कळेल तरी. काय टेन्शन घेताय? आजच प्लंबरला फोन करा.”

दार लागलं. उन्नती पुढ्यातली भजी खात राहिली. प्रयोग आपोआप होत असेल तर मध्ये बोलू नये, एवढं तिला विज्ञानाने शिकवलं होतं.

“हसू नकोस,” मावशी म्हणाली.

“मी कुठे हसतेय? भजी गरम आहेत.”

मावशीने ओढणी सारखी केली. मग परत सारखी केली. “नंबर लाव,” ती म्हणाली.

मंगळवारी ग्रुपवर संदेश आला, ‘सेक्रेटरी आज तपासणीकामी बाहेर आहेत.’ सभासदांनी अंगठे दाखवून कौतुक केलं. दोघांनी लिफ्टचं विचारलं.

स्कॅनमध्ये काय निघालं हे इथे दिलेलं नाही. आतला पाइप ज्याचा त्याने बघायचा असतो. उत्सुकता शमेपर्यंत वाचकाने आपल्या गाडीचं पुढचं सर्व्हिसिंग कधी आहे ते आठवून पाहावं. आठवलं? आता स्वतःची शेवटची तपासणी आठवावी. (‘काही त्रास नाही’ हे उत्तर चालणार नाही. ते हौसेराव देऊन गेले आहेत.)