दिपलेला पाहुणा

"माणूस मरत न्हाई, जखम व्हत न्हाई. घटकाभर दिसायचं तेवढं बंद!" असं सांगत सुकुमारअण्णांनी लेसरची बॅटरी गावभर मिरवली होती. शिरवळच्या कारखान्यातल्या भाच्यानं ती आणून दिलेली. द्राक्षचोरावर दगड उचलायचा नाही, कुत्रं सोडायचं नाही. जैनाच्या बागेला याहून शोभेसं हत्यार कुठलं?

त्या दिवशी रूपालीला बघायला शिराळ्याचे पाहुणे यायचे होते. पोरगी शहरात, विश्रामबागेत शिकायला; बघण्यापुरती आजच घरी आलेली. बायको वर्षापूर्वी गेली, तेव्हापासून घरात अण्णाच रांधत. एवढं चांगलं स्थळ हातचं जाऊ नये म्हणून ते सकाळपासून शेगडीपुढून हलले नव्हते. जेवणं दिवस मावळायच्या आत व्हायला हवीत आणि पाहुण्यांचा पत्ता नाही!

वाट बघत अण्णा बागेकडं गेले. बॅटरी खिशात होतीच. मांडवाखाली अंधारलं होतं आणि एक माणूस घड कुरवाळत उभा!

"घावलास गड्या!" अण्णांनी बटण दाबलं. हिरवा लोळ थेट तोंडावर!

"आयाया! आवं, मी शिराळ्याचा भाऊसो! पोराचा बाप! गाडी वर लावली अन् बागेतनं आलो!"

अण्णांनी बॅटरी खिशात कोंबली. हाताला धरून त्यांनी भाऊसोंना घरी आणलं, ताटावर बसवलं. मागून नवरा मुलगा सम्मेद आला.

"जेवा पाव्हणं, दिवस बुडाया लागलाय."

"जेवू कसं? ताटच दिसंना! किडामुंगी न बघता घास घ्यायचा व्हय?"

"मग दिसाया लागल्यावर..."

"तवर रात हुईल! रात्री न्हाई जेवत आमी!"

उपाशी पाहुणा परत गेला की सोयरीक गेलीच! सम्मेद खिडकीतून ओरडला, "बाबा, अर्धाच सूर्य ऱ्हायलाय!"

रूपाली ताटापुढं येऊन बसली. भात चिवडला, पोळीचा पापुद्रा उलगडला, भाजी ढवळून बघितली. "मामा, सगळं सोच्छ हाय. माझ्या डोळ्यांनी जेवा."

भाऊसो थबकले. मग भराभर घास घेतले, पाणी प्यायले. सूर्य बुडाला. अण्णांनी श्वास सोडला.

"ही भाजी पोरीनं केली?" भाऊसोंच्या कपाळावर आठी.

"न्हाई, मीच."

"मीठ न्हाई हिच्यात!"

दिवस बुडालेला, अण्णांना चाखताही येईना. पण मीठ घातल्याचं आठवेना. काल तरी घातलं होतं का, तेही आठवेना. आता असलं सांगायला घरात होतं कोण?

"पोरीनं न्हाई न्हवं केली? नक्की?"

"नक्की!"

"मग पोरगी पसंत," भाऊसो अण्णा समजून भिंतीकडं तोंड करून म्हणाले. "पर अण्णा, लग्नाला आचारी सांगा!"