हिरव्या पाल्याची काटी

कोर्टाचा कमिशनर मंगळवारी रस्ता पाहायला येणार, हे कळलं तेव्हा गोरोबा पेचात पडला. कारण पाहण्यासारखं तिथं काहीच नव्हतं. रस्ता चांगला मोकळा होता.

चार वर्षांपूर्वी शेजारच्या हिंमतरावानं आपल्या बांधावरची, गोरोबाच्या शेताकडं जाणारी वाट बाभळीच्या काट्या टाकून अडवली, म्हणून गोरोबानं भूमच्या कोर्टात दावा लावला होता. पण दोन वर्षांपूर्वी गोरोबाची बायको कस्तुराबाई गेली. तिला शेतातच अग्नी द्यायचा होता. माणसं तिला घेऊन बांधापाशी आली, तर हिंमतराव एकटाच अंगरख्याच्या बाह्या सारून काट्या ओढत होता. त्या दिवसापासून वाट मोकळी झाली. दोघं बोलायलाही लागले.

मग हिंमतरावाला त्याच्या मुलानं, इंद्रजितनं, बार्शीला नेलं. म्हातारपणी एकट्यानं गावी कशाला हिंडायचं, असं इंद्रजितचं म्हणणं. कोर्टाची तारीख असली तर मात्र त्याचा नाइलाज व्हायचा. महिन्या-दोन महिन्यांनी तो बापाला भूमच्या एसटीत बसवून द्यायचा. इकडून गोरोबा यायचा. कोर्टात पुकारा होईपर्यंत दोघं लिंबाखाली बसायचे, भजी खायचे, आणि पुढची तारीख घेऊन आपापल्या गाडीला लागायचे. वाट मोकळी झाल्याचं कोर्टाला सांगायचं राहून गेलं. गेल्या वर्षी तर, ती अजून बंदच आहे, असं गोरोबानं शपथेवर लिहूनही दिलं.

आता त्यानं बार्शीला फोन लावला. मला काही येता यायचं नाही, असं हिंमतराव म्हणाला, आणि त्यानंच सुचवलं, "काट्या तुमीच टाका की."

तेव्हा सोमवारी सत्तरीच्या गोरोबानं कोयता घेऊन बाभळ तोडली आणि आपलीच वाट आपल्या हातानं बंद केली. चांगली छातीएवढी. काम झाल्यावर त्याच्या ध्यानात आलं की आपण शेताच्या बाजूला राहिलो आणि घर पलीकडं. आपल्याच काट्यांतून रांगत तो बाहेर आला. धोतराचा सोगा तिथंच राहिला.

मंगळवारी कमिशनर म्हणून एक तरुण वकील आला. त्यानं काट्यांखालून गेलेली बैलगाडीची ताजी चाकोरी पाहिली, फडफडणारा सोगा पाहिला. मग एक फांदी हातात घेऊन विचारलं, "चार वर्षांपासून बंद आहे?"

"व्हय."

"पाला अजून हिरवा आहे."

"बाभळ लई चिवट असती, साहेब," गोरोबा म्हणाला.

अहवालात सगळं आलं, सोग्यासकट. शिवाय कमिशनरनं नवा सातबारा जोडला होता. पुढच्या तारखेला न्यायाधीशांनी तो वाचला आणि हिंमतरावाला पुढं बोलावलं. ते शेत वर्षापूर्वीच बक्षीसपत्रानं इंद्रजितच्या नावावर झालं होतं. हिंमतरावाचा त्या बांधाशी आता संबंधच उरला नव्हता, आणि हे त्यानं कोर्टाला सांगितलं नव्हतं.

गोरोबालाही नव्हतं. त्यानं हिंमतरावाकडं वळून पाहिलं.

"सांगितलं असतं तर इंद्रजितला बोलावलं असतं," हिंमतराव खालच्या आवाजात म्हणाला. "मग मला कोन येऊ देतंय?"

न्यायाधीश बराच वेळ बोलल्या. कोर्टाचा वेळ, शपथेची किंमत, तुरुंग, असं सगळं त्यात होतं. दावा त्यांनी तिथंच काढून टाकला. खरं लपवल्याबद्दल कारवाई का करू नये, याचा खुलासा दोघांनीही त्याच दिवशी लिहून द्यावा, म्हणजे हे प्रकरण आजच संपेल, असं सांगून त्या उठल्या.

आजच संपेल, हे शब्द ऐकून गोरोबाला तुरुंगाचं भय वाटेनासं झालं.

बाहेर टाइपरायटरवाल्याच्या टेबलापाशी त्याच्या वकील दीपमालाताई कागद मांडून बसल्या. त्या त्याच्यावर चिडल्या होत्या. आता काहीही लपवायचं नाही, असं त्यांनी बजावलं. "वाट मोकळी झाली हे तुम्ही का सांगितलं नाही? खरं कारण सांगा."

गोरोबा टोपी काढून हातात फिरवत राहिला. मग म्हणाला, "घरी बोलाया कुणी न्हाय, ताई. सकाळी उठतो, भाकरी टाकतो, संध्याकाळ होती. दिवसभर तोंड उघडाया कारण न्हाय. हितं आलं की नाव तरी पुकारत्यात."

टाइप करणाऱ्याचे हात थांबले. त्यानं ताईंकडं पाहिलं. "हे घ्यायचं का?"

"घ्या," ताई म्हणाल्या.

हिंमतराव मागं उभा होता. त्याचा खुलासा त्याचा वकील पलीकडच्या टेबलावर लिहिणार होता, पण तो तिकडं गेला नव्हता. यंत्राची खटखट थांबल्यावर तो पुढं झाला.

"माझ्याबी कागदात हेच लिवा."

ताईंनी मान वर केली. "तुमचं कसं लिहिता येईल, काका? तुम्ही मुलाकडं राहता. घरात पाच माणसं आहेत ना?"

"व्हय," हिंमतराव म्हणाला. "पाच हायत."