गॅलरीतून सावधान

सासूबाईंना एक सकाळ घरात बसवून ठेवणं म्हणजे काही फार मोठं काम नाही, असं सूनबाईने वकिलांना फोनवर ठणकावून सांगितलं. कडेवर दात येणारं बाळ किरकिरत होतं, तरी आवाजात असा रुबाब होता की वकिलांनी पुन्हा विचारलंच नाही.

त्याचं असं झालं होतं. सासूबाई समोरच्या शाळेत खेळाच्या बाई. मुलं त्यांना शिट्टीबाई म्हणत. शिक्षकही म्हणत, फक्त तोंडावर नाही. त्या रीतसर निवृत्त झाल्या. निरोपाची भाषणं झाली, त्या पोटभर रडल्या आणि दुसऱ्या दिवशी सकाळी शिट्टी अडकवून पुन्हा मैदानावर हजर. सवयच ती. शाळेलाही बरंच, फुकटात रांगा सरळ होत होत्या.

पेन्शनचे कागद मात्र हलेनात. विचारायला गेल्या, तर मुख्याध्यापिका म्हणाल्या, "तुम्ही रोज येता, म्हणजे नोकरीतच आहात. पेन्शन कसली?" बरं, मग पगार द्या म्हटलं, तर म्हणे, "निवृत्त माणसाला पगार कसा देणार?"

प्रकरण कोर्टात गेलं आणि तिथेच मुक्कामाला राहिलं. इकडे पेन्शनअभावी सासूबाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन रखडलं. शेवटी कोर्टाने एक अधिकारी नेमला. तो आज शाळेत येऊन बाई अजून नोकरी करतात का, हे डोळ्यांनी बघणार होता. वकिलांनी बजावलं होतं, "आज बाईंचं पाऊल शाळेत पडलं, तर पेन्शन विसरा."

सूनबाईने बंदोबस्त चोख केला. थोरलीला शेजारणीबरोबर शाळेत धाडलं. सासूबाईंच्या चपला माळ्यावर टाकल्या, शिट्टी डाळीच्या डब्यात पुरली आणि बाळ त्यांच्या मांडीवर ठेवलं.

"कैदी समजतेस का गं मला?"

"गुडघ्यासाठी चाललंय आई."

"गुडघा माझा आहे."

"पेन्शनही तुमचीच आहे. बसा."

त्या बसल्या. पण घराची गॅलरी थेट शाळेच्या मैदानावर उघडत होती, मध्ये फक्त एक भिंत. नव्या सरांनी लावलेल्या रांगा दोरीवरच्या कपड्यांसारख्या हेलकावे खात होत्या. सासूबाईंनी मान वळवली. मग पुन्हा वळवली. तेवढ्यात दूध उतू गेलं आणि सूनबाई स्वयंपाकघरात धावली.

परत येते तो बाळ पाळण्यात आणि सासूबाई गॅलरीत.

"आई, आत या!"

"पाऊल घरातच आहे माझं," त्या म्हणाल्या, आणि छाती भरून श्वास घेतला. "शाळा, सावधान!"

सगळं मैदान टाचा जुळवून ताठ झालं. नवे सरही झाले.

मैदानाच्या कडेला मुख्याध्यापिकांशेजारी एक चष्मेवाले गृहस्थ फाइल घेऊन उभे होते. सूनबाईने बाळाला उचलून घट्ट धरलं. गेलं ऑपरेशन. गेली पेन्शन.

"याच का त्या बाई?" गृहस्थांनी विचारलं. "नोकरीत दिसतायत की."

पण मुख्याध्यापिका गॅलरीकडे बघून लालबुंद झाल्या होत्या. "कसली नोकरी? निवृत्त होऊन दोन वर्षं झाली यांना. एक दिवस आल्या नाहीत, म्हटलं सुटलो, तर आता घरातून सुरू. अहो बाई, तुमचा या शाळेशी काही संबंध उरलेला नाही, कळतंय का?"

"जरा सावकाश," फाइल उघडत गृहस्थ म्हणाले. "लिहून घेतोय. दोन वर्षं, नाही का?"

मुख्याध्यापिकांनी जीभ चावली, पण उशीर झाला होता.

मैदान अजून ताठच. नव्या सरांनी विश्रामाची शिट्टी दिली. कोणी हललं नाही. पुन्हा दिली. पहिल्या रांगेतल्या थोरलीचं नाक खाजत होतं, तरी तिचा हात वर जाईना.

"बाई," मुख्याध्यापिका वर बघत पडेल आवाजात म्हणाल्या, "विश्राम सांगा."

"मी?" सासूबाईंनी कठड्यावर कोपर टेकले. "मला काय अधिकार? माझा संबंध उरलेला नाही, असं आत्ताच कळलं. साहेबांच्या कागदावर सही करा, मग बघू."

मुख्याध्यापिकांनी सही केली. साहेबांनी ती नीट वाळू दिली.

"विश्राम," सासूबाई म्हणाल्या.

मैदानाने सुस्कारा सोडला. आणि मागे दारात, कडेवर बाळ घेऊन इतका वेळ टाचा जुळवून उभ्या असलेल्या सूनबाईनेही पाय सैल सोडले.