चाळीस फुटी उडी

माणसाला स्वतःच्या शरीराबद्दल फारच थोडी माहिती असते. ती गोळा करून योग्य आकारात छापणे आणि चौकात लावणे हे काम म्हणूनच समाजाने जाहिरातवाल्यांकडे सोपवले आहे. आपले दात पांढरे आहेत की नुसतेच पांढरट, घरची माणसे आपल्यावर प्रेम करतात की आधी धुण्याची पावडर बदलायला हवी, हे ज्याचे त्याने ठरवायचे म्हटले असते तर अनर्थ ओढवला असता. नाशकातल्या पाथर्डी फाट्याजवळच्या आमच्या ज्येष्ठ नागरिक संघात तो थोडक्यात टळला.

मी या संघाचा सचिव. (मानधन नाही. मान आहे, असे अध्यक्ष म्हणतात.) रोज संध्याकाळी हॉलमध्ये सतरंजी अंथरली जाते. मग भजन, वर्तमानपत्राचे वाचन आणि सुनांविषयी चिंतन असा कार्यक्रम होतो. खुर्च्या कमी आणि गुडघे जास्त, त्यामुळे खुर्ची उपसमिती नेमावी लागली. दोन्ही गुडघे दुखत असतील तर हाताची खुर्ची, एक दुखत असेल तर बिनहाताची. नुसत्या कंबरेला भिंत.

देवराम आहेरांचा डावा गुडघा दुखतो, म्हणून त्यांना बिनहाताची निळी खुर्ची मिळाली होती. देवराम एसटीत कंडक्टर होते. निवृत्त झाल्यावर देवळा गावातले घर बंद करून ते आणि कुसाबाई मुलाकडे, योगेशकडे राहायला आले. जन्मभर भरलेल्या गाडीत बोललेला माणूस इथे तिसऱ्या मजल्यावर दिवसभर गप्प बसायचा. संघात आला की मात्र त्याला तोंड फुटायचे. खुर्चीवर बसून ते देवळा ते नाशिक सगळे थांबे, तिथल्या भांडणांसकट, सांगत. आम्हीही आवडीने ऐकत असू (हॉलमधला टीव्ही बंद असेल तेव्हा).

यंदाच्या मे महिन्यात ते एका नातेवाइकाच्या दहाव्याला रामकुंडावर गेले. भर दुपारी अनवाणी चालताना तापलेल्या फरशीवर पाय पडला आणि देवराम दात विचकून, हात वर करून हवेत उडाले. समोर एक कॅमेरावाला उभा होता. "बाबा, फोटो भारी आलाय. वापरू का?" त्याने विचारले. तळवे भाजलेला माणूस सावली शोधत असतो. देवराम पळता पळता "वापर" म्हणाले. (यालाच कायद्याच्या भाषेत संमती म्हणतात.)

पंधरवड्याने फाट्यावर चाळीस फुटी बोर्ड लागला. त्यावर देवराम हवेत. मागचे पिंड पुसून तिथे सूर्यफुलांचे शेत घातलेले. शेजारी पिवळी बाटली, आणि खाली अक्षरे: "वज्रजानू तेल. काल काठी, आज उडी!"

खुर्ची उपसमितीची त्याच संध्याकाळी तातडीची बैठक झाली. अध्यक्ष मोतीराम गांगुर्डे यांनी देवरामांचे अभिनंदन करून खुर्ची परत मागितली.

"ती उडी नाय हो, चटका हाय!" देवराम म्हणाले. "आन तेल म्या बघितलंबी नाय अजून. गुडघा लय दुखतो माझा."

समिती निष्पक्ष आहे. तिने देवरामांना हॉलमध्ये चालून दाखवायला सांगितले. ते या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत लंगडत गेले, लंगडत आले. मग दोन्ही पुरावे समोरासमोर ठेवण्यात आले. बोर्डासाठी परवाना लागतो, भाडे लागते, लोखंडी सांगाडा लागतो. लंगडायला काहीच लागत नाही, कोणीही उठून लंगडू शकतो. शिवाय बोर्डावर रात्रभर चार दिवे असतात. देवरामांवर एकही नव्हता.

"आहेरसाहेब," निजामभाई समजुतीने म्हणाले. मालेगावचे, जुने यंत्रमागवाले, स्वभावाने मऊ. "एवढा मोठा बोर्ड खोटं कशाला बोलेल? त्याला काय पडलंय?"

देवरामांनी भिंत धरली. खुर्ची गेली.

घरीही जनजागृती झालेली होती. योगेश म्हणाला, "पप्पा, बोर्डवर एवढी उडी मारता आणि लिफ्ट बंद असली की दूध आणायला नाही म्हणता?" कुसाबाईंनी वज्रजानूची बाटली आणून रोज रात्री चोळायला सुरुवात केली. नवरा कण्हला की त्या म्हणत, आधी बरे झाला होतात, मग परत दुखायला काय झालं? शेवटी देवराम डॉक्टरकडे गेले. डॉक्टरांनी गुडघा दाबून पाहिला, मान हलवली आणि भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बोट दाखवले. "वय काय घेऊन बसलात? या आजोबांकडे बघा आणि प्रेरणा घ्या," ते म्हणाले. कॅलेंडरवर देवराम उडी मारत होते.

इकडे संघाने वज्रजानू घाऊक भावात मागवले. आपल्यातलाच माणूस बोर्डावर असताना दुसरे तेल लावणे म्हणजे घरभेदीपणा झाला असता. तेल लावूनही जो खुर्ची मागेल तो एक तर तेल चोरून विकतो किंवा देवरामांवर जळतो, असे ठरले. त्यामुळे एकेकाने आपण होऊन खुर्ची परत केली. दोन्ही गुडघेवाल्यांनी हाताच्या खुर्च्या आधी दिल्या. आता सगळ्या खुर्च्या मंडपवाल्याकडे भाड्याने दिल्या आहेत आणि संघातली गुडघेदुखी शून्य टक्क्यांवर आली आहे. (वाकून नमस्कार करणे मात्र बंद पडले आहे. ते जुनाटच होते.)

आणखी एक लाभ म्हणजे उपस्थिती. पूर्वी सभासद सात वाजले की घरी जात. आता सतरंजीवर बसलेला कोणीही आधी उठत नाही. "बसू की, घाई काय?" असे निजामभाई म्हणतात, आणि सगळे एकमताने बसतात. घरचे न्यायला येईपर्यंत भजन चालू असते. लोकांची भक्ती वाढली आहे, असे माझे निरीक्षण आहे.

देवराम मात्र बसत नसत. ते दारापाशी भिंतीला टेकून उभे राहत, आणि उभ्या माणसाशी गप्पा मारायच्या म्हणजे मान वर करावी लागते. थांब्यांची नावे बंद झाली. मग एका संध्याकाळी ते भजन संपायच्या आत बोलले.

"तीन वर्षं तुमच्यात बसलो. रोज सांगितलं. माझा कोणचा गुडघा दुखतो, तेवढं एकानं सांगा. सांगितलं, तर खुर्ची नको मला. उभाच राहीन."

 "काल काठी" एवढे कोणी म्हटले असते तर "आज उडी" असे सगळ्यांनी एका सुरात म्हटले असते, पण प्रश्न अभ्यासक्रमाबाहेरचा होता. अखेर अध्यक्षांनी लोकशाही मार्ग काढला आणि मतदान घेतले. उजव्या गुडघ्याला बहुमत मिळाले. बोर्डावर उजवा पुढे आहे, असे सूचक म्हणाले.

देवरामांनी सगळ्यांकडे एकदा बघितले. मग चपला घालून गेले. (हळू गेले. बोर्डावरून तसे वाटणार नाही.) नंतर ते संघात आलेले नाहीत. खरे सांगतो, मला फार वाईट वाटले. धावत जाऊन त्यांना हाताला धरून परत आणावे असे अगदी मनापासून वाटले, पण मी सतरंजीवर बसलेलो होतो, आणि मीही महिनाभर वज्रजानूच लावत होतो.

तुम्हाला आमच्या सभासदांचे हसू आले असेल. येऊ द्या. पण ती म्हातारी माणसे, त्यांनी देवरामांचे सांगणे कानाआड केले. तुम्ही मात्र आत्ताच, बोर्ड लागायच्याही आधी, माझ्याच अक्षरात स्वच्छ वाचले आहे. तेव्हा सांगा, देवरामांचा कोणता गुडघा दुखतो?

वर बघायचे नाही. आणि तेलाचे नाव मी विचारलेले नाही.