क्विटमनकाकांची कारकीर्द

कलावंताची खरी योग्यता तो डिपेंडंट व्हिसावर आल्यावरच कळते. या व्हिसावर अमेरिकेत राहता येतं, जेवता येतं, श्वासही घेता येतो. फक्त कमावता येत नाही. (मी पुण्याची एम.एस्सी. आहे. श्वास उत्तम घेते.)

जर्मन दिग्दर्शक आणि पटकथाकार योहानेस क्विटमन असेच अमेरिकेत, आमच्या अ‍ॅशबर्नला आले. त्यांची बायको प्रीता मूळची नागपूरची, नोकरी इथल्या डेटा सेंटरमध्ये. मराठी ते तिच्याकडूनच शिकले. मायदेशी क्विटमनांचे तीन चित्रपट झाले होते. त्यांतल्या गाजलेल्या चित्रपटात एक म्हातारा बराच वेळ बटाटे सोलतो आणि शेवटी सोलायचा थांबतो. परीक्षक रडले म्हणे. आमच्या मराठी मंडळाच्या सांस्कृतिक समितीनं या कार्याची योग्य ती दखल घेतली. समितीप्रमुख यामिनीताईंनी विचारलं, "मग त्या बटाट्यांचं केलं काय?" समाधानकारक उत्तर मिळालं नाही. तरीही, मानधनाचा प्रश्न कायद्यानंच मिटलेला असल्यामुळे, गणपतीतलं बालनाट्य त्यांच्याकडे सोपवण्यात आलं. मुलांनी त्यांना लगेच काका केलं.

मंडळाचं बालनाट्य ही जगातली शेवटची खरी लोकशाही आहे. प्रत्येक मुलाला एक वाक्य. बेडकाला एक, राजालाही एक. (एका वर्षी राजाला दोन मिळाली. बेडकाचं कुटुंब आता मेरीलँडच्या मंडळात जातं.)

माझ्या मुलीच्या, उत्तराच्या वाट्याला झाड आलं. वाक्य: "मी सावली देते." उत्तरा साडेचार वर्षांची. घरात अखंड बडबडते, चार लोकांत ओठ मिटून घेते. प्रीस्कूलच्या टीचरनी "वी आर जस्ट ऑब्झर्व्हिंग" असं गोड आवाजात सांगितल्यापासून मीही ऑब्झर्व्ह करते: तिला, टीचरना, बाकीच्या मुलांच्या ओठांना. माझा नवरा सिद्धेश म्हणतो, "बोलेल गं, चिल कर यार." तो ऑफिसला जातो, त्याला परवडतं. सावलीचं वाक्य आम्ही मायलेकींनी गाडीत, आंघोळीत, दुकानाच्या रांगेत घोटलं.

तालमीत क्विटमनकाकांनी तिला नुसतं उभं राहिलेलं पाहिलं आणि वाक्यच कापलं. मला म्हणाले, "झाडानं बोलायचं कारण काय? ती ऐकते किती छान." जर्मनीत याला बहुधा कौतुक म्हणत असावेत. मी समितीकडे तक्रार केली. वाक्य परत मिळालं.

प्रयोगाच्या दिवशी हॉलमधली शिस्त वाखाणण्यासारखी होती. सगळ्या आईबापांनी फोन उंच धरले. त्यामुळे कुणालाच कुणाचं मूल दिसेना आणि समानतेचं तत्त्व शेवटच्या रांगेपर्यंत पोचलं. उत्तराची पाळी आली. ती गप्प. मी स्क्रीनवर नजर ठेवून, झूम सांभाळत आधी कुजबुजले, मग मोठ्यानं म्हणाले, "मी सावली देते. उत्तू, मी सावली देते." पडदा पडला. माझ्या व्हिडिओत झाड तिचं आहे, आवाज माझा.

क्विटमनकाकांनीही शूटिंग केलं होतं. दिवाळीच्या पॉटलकला, म्हणजे घरोघरच्या डब्यांच्या जेवणाला, त्यांनी ते दाखवलं. कॅमेरा त्यांनी स्टेजच्या कडेला ठेवून प्रेक्षकांकडे वळवला होता. समोर फोनांची भिंत आणि प्रत्येक फोनखाली हलणारे ओठ: बेडकाचे बाबा, राजाची आई. मग मी. माझं सावली देणं जोरात चालू, आणि त्यातून कॅमेऱ्याजवळचा एक बारीक, स्वच्छ आवाज:

"आई, फोन खाली कर ना. मग बोलते."

समितीनं चित्रपट एकमतानं नापसंत केला. कारणं दोन: मुलं दिसत नाहीत, आणि झाडाला दोन वाक्यं मिळाली.

क्विटमनकाकांकडे आता मंडळाचं पार्किंग आहे. तिथेही ते बराच वेळ नुसते बघत उभे असतात. (गाड्या नीट लागतात.) उत्तरा त्यांच्या शेजारी उभी राहते, आणि चारचौघांसमोर त्यांच्याशी खूप बोलते. काय बोलते, ते मला ऐकू येत नाही. मी लांबून व्हिडिओ काढत असते.

चित्रपटाची लिंक हवी असेल तर पाठवते. पण मघाशी हे वाचताना, मान वर न करता, तुम्ही कुणा छोटीला तरी "हं, हं" म्हणालात. काय विचारलं होतं तिनं?